‘स्वेतलाना’ हे नाव आलं कुठून?

नाशिकच्या एका ताईंनी विचारलंय. त्यांच्या यजमानांचं वैद्यकीय शिक्षण रशियात झालं. तिथे आजारपणात घरमालकीणबाईंनी त्यांचं आईच्या मायेनं केलं. त्या बाईंचं नाव स्वेतलाना. आता ताईंना मुलगी झाली आहे, बारसं जवळ आलंय आणि दोघांनाही तेच नाव ठेवायचंय. सासऱ्यांना वाटतं, हे ख्रिश्चन नाव असणार. नणंदेला, म्हणजे बाळाच्या आत्याला, इंटरनेटवर कुठेसं सापडलं की ही स्लाव लोकांची (म्हणजे रशियन, पोलिश, चेक, सर्ब वगैरेंची) प्राचीन प्रकाशदेवता. ताईंना हव्यात तीन गोष्टी: नावाचा अर्थ, त्याचा खरा उगम, आणि घरात हाक कशी मारायची ते.

ताई, मी बरीच वर्षं रशियन शिकवते आहे, दुभाष्याचं कामही केलंय. हा प्रश्न मला फार आवडला, कारण या नावाची गोष्ट खरोखर सांगण्यासारखी आहे. सासरे आणि नणंद, दोघांचाही अंदाज चुकलाय, पण त्यात त्यांचा दोष नाही. नाव जुन्या वळणाचं वाटतं, हजारएक वर्षं लोकांच्या तोंडी असल्यासारखं. प्रत्यक्षात ‘स्वेतलाना’ हे नाव सव्वादोनशे वर्षांपूर्वी एका कवीनं घडवलं, दुसऱ्या कवीनं ते सगळ्या रशियाच्या ओठांवर आणलं, आणि त्यानंतरही शंभरेक वर्षं ते सर्वसामान्य मुलींना मिळू शकलं नाही.

आधी अर्थ सांगते. ‘स्वेत’ म्हणजे प्रकाश. ‘स्वेतली’ म्हणजे उजळ, लख्ख. त्यावरून स्वेतलाना, म्हणजे उजळ, प्रकाशमान अशी ती. यातला ‘स्वेत’ आणि आपला ‘श्वेत’ एकाच मुळाचे आहेत. हा नुसता ध्वनींचा योगायोग नाही. संस्कृतात जिथे ‘श’ येतो तिथे स्लाव भाषांत पुष्कळदा ‘स’ येतो: शतला रशियनमध्ये ‘स्तो’, दशला ‘देस्यात’. त्याच नियमानं श्वेत आणि स्वेत. फरक इतकाच की आपल्याकडे शब्द पांढऱ्या रंगावर स्थिरावला आणि त्यांच्याकडे उजेडावर. म्हणजे तुमची स्वेतलाना शब्दाच्या नात्यानं श्वेताची चुलत बहीण. सासऱ्यांना सांगायला ही गोष्ट बरी पडेल.

रशियनमध्ये ‘स्वेत’चा आणखी एक अर्थ आहे, जग. मेलेल्या माणसाबद्दल बोलताना तो ‘त्या स्वेतात’ गेला असं म्हणतात. पोलिश आणि चेक भाषांत तर हा शब्द मुख्यतः जगासाठीच राहिला आणि उजेडासाठी त्यावरूनच दुसरा तयार झाला. जे उजेडात दिसतं ते जग, अशी ती कल्पना. शिवाय जुन्या रशियन गाण्यांत आणि कथांत लाडक्या माणसाला ‘स्वेत मोय’, म्हणजे ‘माझ्या प्रकाशा’, अशी हाक मारतात. रशियन कवी पुश्किनच्या परीकथेतली राणी आरशाशी बोलते तेव्हा तीही सुरुवात याच शब्दांनी करते. रशियन कानाला ‘स्वेतलाना’ ऐकताना हे सगळं आतून ऐकू येतं.

इथे एक गैरसमज काढून टाकते. इंटरनेटवरच्या नावांच्या याद्यांत ‘स्वेतलाना म्हणजे पवित्र’ असंही लिहिलेलं आढळतं. पवित्रसाठी रशियन शब्द आहे ‘स्व्यातोय’, आणि त्याचं मूळ वेगळं आहे. काही स्लाव भाषांत उच्चार बदलत बदलत दोन्ही शब्द सारखे दिसू लागले. सर्बियनमध्ये ‘स्वेत’ म्हणजे जग आणि ‘स्वेती’ म्हणजे पवित्र, त्यामुळे घोटाळा होतो. बेलारूसमध्ये तर हे नावच ‘स्व्यातलाना’ असं लिहितात, पण ते तिथल्या स्वरलेखनाच्या नियमामुळे. अर्थ प्रकाशाचाच.

आता देवतेबद्दल. इसवी सन ९८०च्या सुमारास कीव्हचा राजा व्लादिमीर यानं टेकडीवर देवांच्या मूर्ती उभ्या केल्या, त्यांची नावं जुन्या बखरीत आहेत: पेरून, खोर्स, दाझबोग, स्त्रिबोग, सिमार्गल आणि मोकोश. यात स्त्री एकच, मोकोश. स्वेतलाना नावाची देवी यात नाही. पुढे ९८८ साली याच व्लादिमीरनं ख्रिस्ती धर्म स्वीकारला.

त्या काळातली अस्सल स्लाव नावं बहुधा दोन शब्दांची असत: यारोस्लाव, मस्तिस्लाव, स्व्यातोस्लाव. मुलींमध्ये प्रेदस्लावा, ल्युदमिला. यातला ‘स्लाव’ म्हणजे कीर्ती, आणि तो आपल्या ‘श्रवस्’चा नातेवाईक आहे. महाभारतातला भूरिश्रवा आठवा, ज्याची कीर्ती मोठी तो. कीव्हचे राजपुत्र आणि कुरुक्षेत्रावरचा हा योद्धा, दोघांची नावं एकाच साच्यातली आहेत. माझ्या वर्गात हे सांगितलं की मुलं हमखास वहीतून मान वर करतात. स्वेतलाना मात्र या साच्यात बसत नाही, आणि नाव नंतरचं असावं असा संशय यायला तिथूनच सुरुवात होते.

धर्मांतरानंतर बाळाचं नाव चर्चच्या संतांच्या यादीतूनच ठेवायचं, असा दंडक आला. ती यादी मुख्यतः ग्रीक, लॅटिन आणि हिब्रू नावांची. खुद्द व्लादिमीरचं बाप्तिस्म्याचं नाव वासिली झालं आणि त्याच्या आजीचं, ओल्गाचं, येलेना. स्लाव नावांपैकी यादीत शिरली ती मोजकीच. ल्युदमिला शिरली, कारण त्या नावाची चेक राणी संत ठरली होती. वेरा, नादेझ्दा, ल्युबोव (श्रद्धा, आशा, प्रेम) शिरल्या, कारण ती ग्रीक संतांच्या नावांची भाषांतरं होती. स्वेतलाना नावाची संत नव्हती, म्हणून ते नाव यादीतही नव्हतं. ‘हे ख्रिश्चन नाव आहे का?’ या सासऱ्यांच्या प्रश्नाचं खरं उत्तर असं की शंभरेक वर्षं पाद्री या नावाला नाहीच म्हणत होते.

मग ते आणलं कोणी? अलेक्सांद्र वोस्तोकोव यानं. हा माणूस मला फार जवळचा वाटतो. १७८१ साली आजच्या एस्टोनियातल्या एका बेटावर जन्मलेला, घराणं जर्मन, आडनाव ओस्तेनेक. त्यातला ‘ओस्त’ म्हणजे पूर्व. त्याचं त्यानं स्वतःच रशियन केलं, ‘वोस्तोक’, आणि तो वोस्तोकोव झाला. पुढे तो जुन्या स्लाव भाषेचा फार मोठा अभ्यासक म्हणून नावाजला. अकराव्या शतकातल्या एका गॉस्पेल हस्तलिखिताची संपादित आवृत्ती त्यानं १८४३ साली काढली, ती आजही मोलाची मानतात. पण तरुणपणी तो कविता करायचा. १८०२ साली त्यानं एक वीरकाव्य लिहिलं, ‘स्वेतलाना आणि मस्तिस्लाव’. नायकाचं नाव बखरीतलं, राजघराण्यातलं. त्याच्या जोडीला शोभेल असं जुन्या रशियाचं वाटणारं नाव नायिकेलाही हवं होतं, आणि त्यासाठी ‘स्वेतली’वरून स्वेतलाना आली. ज्यानं स्वतःचं आडनाव घडवलं त्यानंच हे नाव रशियाला दिलं.

वोस्तोकोवचं काव्य फारसं वाचलं गेलं नाही. नाव गाजलं ते वासिली झुकोव्स्कीमुळे. आणि ताई, इथे मी जरा रेंगाळणार आहे, कारण या नावाचा जीव झुकोव्स्कीच्या कवितेत आहे.

जर्मन कवी ब्युर्गर याचं ‘लेनोरे’ नावाचं एक कथाकाव्य तेव्हा युरोपभर गाजत होतं. लढाईवर गेलेला प्रियकर परतत नाही म्हणून मुलगी देवाला दोष देते. रात्री प्रियकर घोड्यावरून येतो, तिला घेऊन जातो, आणि थेट कबरीत नेतो. तो मेलेला असतो. झुकोव्स्कीनं १८०८ साली याचं रशियन रूप केलं, नायिकेचं नाव ठेवलं ल्युदमिला, शेवटही तोच भीषण. पण त्याचं समाधान झालं नसावं, कारण लगेच त्यानं तीच गोष्ट पुन्हा हातात घेतली आणि काही वर्षं तिच्यावर काम करून १८१३ साली छापली. या वेळी नायिका स्वेतलाना.

कविता सुरू होते जानेवारीतल्या एका सणाच्या आदल्या रात्री. बाप्तिस्म्याचा हा सण, आणि त्या रात्री मुलींनी आपला नवरा कोण होणार याचे कौल लावायचे, ही रशियन गावांतली जुनी चाल. मुली पायातली चप्पल काढून फाटकाबाहेर फेकतात. खिडकीखाली कान देऊन उभ्या राहतात. मोजून दाणे टाकतात आणि कोंबडी किती टिपते ते बघतात. मेण वितळवतात. पाण्याच्या भांड्यात सोन्याची अंगठी आणि पाचूची कर्णभूषणं घालून वर पांढरं कापड पसरतात आणि गाणी म्हणतात. स्वेतलाना मात्र गप्प. तिचा सखा परदेशी जाऊन वर्ष झालं, पत्र नाही.

मग ती एकटी खोलीत बसते. मेज मांडलेलं, पानं दोन. समोर आरसा आणि मेणबत्ती. मध्यरात्री तो येतो, म्हणतो, चल, चर्चमध्ये पाद्री वाट बघतोय. बर्फाच्या वादळातून घसरगाडी धावते. वाटेत चर्च दिसतं, उघड्या दारातून आत काळी शवपेटी. पुढे गाडीही नाहीशी होते आणि तोही. ती एका झोपडीत शिरते, तिथे मेजावर शवपेटी. पांढरं कबूतर येऊन तिच्या छातीवर बसतं. प्रेत हलतं, उठू पाहतं, कबूतर झेप घेऊन त्याला अडवतं. ती चेहरा बघते, तर तो तिचाच सखा. आणि त्या क्षणी स्वेतलानाला जाग येते. कोंबडा आरवतो, खिडकीतून सकाळ आत आलेली असते. लांबून घसरगाडीच्या घंटेचा आवाज येतो. तो आलेला असतो. जिवंत.

ल्युदमिलाला कबर मिळाली, स्वेतलानाला सकाळ. नाव झुकोव्स्कीनं अर्थ बघूनच निवडलं, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. ही कविता त्यानं आपली भाची अलेक्सांद्रा प्रोतासोवा हिला लग्नाची भेट म्हणून दिली, आणि ‘अशी भयाण स्वप्नं तुला कधी न पडोत, माझ्या स्वेतलाना’ असा आशीर्वाद शेवटी घातला. पीटर्सबर्गच्या साहित्यिकांत तिला पुढे स्वेतलानाच म्हणू लागले. ‘अर्झामास’ नावाच्या साहित्यिक मंडळात सभासदांची टोपणनावं झुकोव्स्कीच्या कवितांतून घेत. त्यात स्वतः झुकोव्स्कीचं टोपणनाव होतं स्वेतलाना! कोवळा पुश्किन त्याच मंडळात होता. पुढे त्यानं आपल्या पद्यकादंबरीच्या पाचव्या प्रकरणाच्या माथ्यावर झुकोव्स्कीच्या त्याच आशीर्वादाच्या ओळी घातल्या.

एवढं होऊनही मुलीचं नाव स्वेतलाना ठेवता येत नव्हतं. ठेवायचंच असेल तर पाद्री ‘फोतिनिया’ लिहायचे. हे ग्रीक नाव, अर्थ तोच, प्रकाशाची. विहिरीवर येशूशी बोललेल्या समरिया प्रांतातल्या बाईचं हे नाव, असं चर्चची परंपरा सांगते. खेड्यापाड्यांत त्याचं ‘फेतिन्या’ झालं होतं. ते मोलकरणींचं नाव समजलं जाई, त्यामुळे सुशिक्षितांना नको असे. मग स्वेतलाना हे नाव जहाजाला मिळालं. १८५८ साली फ्रान्समधल्या बोर्दो बंदरात बांधलेली ‘स्वेतलाना’ ही रशियन युद्धनौका झारच्या मुलाला घेऊन १८७३ साली व्लादिवोस्तोकला आली, आणि तिथल्या मुख्य रस्त्याचं नाव स्वेतलान्स्काया पडलं. मधल्या काळात त्याला लेनिनचं नाव दिलं होतं, १९९२ साली जुनं परत आलं. त्याच नावाची नंतरची युद्धनौका १९०५ साली जपानविरुद्धच्या त्सुशिमाच्या लढाईत बुडाली. पीटर्सबर्गच्या एका कारखान्यातले विजेचे दिवेही या नावानं विकले जाऊ लागले. रस्ता, जहाज, दिवा सगळ्यांना नाव चाललं, फक्त बाळाला नाही.

क्रांतीनंतर ते बंधन गेलं. १९१७च्या शेवटी जन्मनोंद चर्चकडून सरकारी कचेरीकडे गेली आणि आईबाप हवं ते नाव ठेवायला मोकळे झाले. त्या वेळी लोकांनी काय काय नावं ठेवली! व्लादिमीर लेनिनवरून व्लादलेन, लेनिन उलटं वाचून निनेल, ऑक्टोबरवरून ओक्त्याब्रीना. त्यांपैकी बरीच लवकरच मागे पडली. स्वेतलाना टिकलं. घोषणेचं ओझं त्यावर नव्हतं, कानाला ते परकं नव्हतं, आणि ‘उज्ज्वल भविष्य’ हा शब्दप्रयोग रशियनमध्ये याच ‘स्वेतली’नं होतो. १९२६ साली स्तालिनला मुलगी झाली, तिचं नाव स्वेतलाना. नंतरच्या दशकांत हे नाव देशभर पसरलं, युक्रेनमध्ये ‘स्वितलाना’ म्हणून, बेलारूसमध्ये ‘स्व्यातलाना’ म्हणून.

स्तालिनच्या या मुलीचं आयुष्य आपल्या देशाशी जोडलेलं आहे. १९६३ साली मॉस्कोतल्या इस्पितळात तिची ब्रजेश सिंह यांच्याशी ओळख झाली. ते उत्तर प्रदेशातल्या कालाकांकरच्या राजघराण्यातले, विचारांनी कम्युनिस्ट. सोव्हिएत सरकारनं लग्नाला परवानगी दिली नाही, पण ती त्यांना पतीच मानत राहिली. १९६६च्या ऑक्टोबरमध्ये ते वारले. डिसेंबरमध्ये ती अस्थी घेऊन भारतात आली, कालाकांकरला गंगेकाठी राहिली. तिला इथेच राहायचं होतं, ते जमलं नाही. ६ मार्च १९६७ रोजी ती दिल्लीतल्या अमेरिकन वकिलातीत जाऊन उभी राहिली आणि आश्रय मागितला. वडिलांचं आडनाव तिनं त्याआधीच टाकलं होतं, आईचं अलिलुयेवा घेतलं होतं. अमेरिकेत लग्नानंतर ती लाना पीटर्स झाली आणि २०११ साली त्याच नावानं वारली. देश सुटला, भाषा सुटली, आडनावं दोनदा बदलली. स्वतःच्या नावाचा शेवटचा तुकडा, ‘लाना’, तेवढा तिनं शेवटपर्यंत ठेवला.

मुलीला मोठेपणी अभिमानानं सांगता येतील अशा स्वेतलाना आणखीही आहेत. स्वेतलाना सावित्स्काया ही अंतराळात गेलेली दुसरी स्त्री, आणि २५ जुलै १९८४ रोजी यानाबाहेर अवकाशात काम करणारी पहिली. तिनं तिथे साडेतीन तास धातूच्या जोडकामाचे प्रयोग केले. ज्या सॅल्यूत-७ स्थानकातून ती बाहेर पडली, त्याच स्थानकात त्याच वर्षी एप्रिलमध्ये आपले राकेश शर्मा राहून आले होते. दुसरी बेलारूसची लेखिका स्वेतलाना अलेक्सियेविच, २०१५ सालच्या साहित्याच्या नोबेलची मानकरी. युद्धात लढलेल्या बायका, चेर्नोबिलचे रहिवासी यांच्याशी वर्षानुवर्षं बोलून तिनं त्यांचंच बोलणं पुस्तकांत आणलं.

आता हाक मारण्याबद्दल. रशियन माणूस एकाच बाईला नात्याप्रमाणे वेगवेगळी हाक मारतो. शाळेत, कचेरीत, अनोळखी मोठ्या बाईंना नावापुढे वडिलांचं नाव लावतात. सावित्स्कायाच्या वडिलांचं नाव येव्गेनी, म्हणून ती स्वेतलाना येव्गेन्येव्ना. आपल्या ‘बाईं’चा आदर तिथे असा दाखवतात. मैत्रिणीत आणि घरात ‘स्वेता’. लाडात ‘स्वेतोच्का’ किंवा ‘स्वेतिक’. ‘स्वेत्का’ मात्र फक्त शाळासोबती किंवा भावंडांनी म्हणायचं. परक्यानं म्हटलं तर उद्धट वाटतं. सर्बियात याच नावाचं लाडकं रूप ‘त्सेत्सा’ होतं. आणि लांबून हाक मारताना रशियन लोक शेवटचा ‘आ’ गाळून टाकतात, नुसतं ‘स्वेत!’ असं ओरडतात.

तुमच्या घरात ‘स्वेता’ आपोआप रुळेल. शेजारीपाजारी ‘श्वेता’ ऐकतील, तेही काही वावगं नाही. वर सांगितलंच आहे, दोघी एकाच घराण्यातल्या. उच्चारात आघात मधल्या ‘ला’वर द्या, शेवटचा ‘ना’ आखूड ठेवा. पहिला स्वर ‘ए’ आणि ‘इ’च्या मधला आहे, पण मराठीत ‘स्वेतलाना’ असंच लिहा, वाचणारा बरोबर वाचतो. रोमन लिपीत ‘व्ही’ घाला, ‘डब्ल्यू’ नको, आणि जन्मदाखल्यावर जे स्पेलिंग जाईल तेच पुढे सगळीकडे ठेवा. पासपोर्टच्या वेळी एका अक्षरापायी हेलपाटे घालणारे पालक मी पुष्कळ पाहिलेत.

एक गोष्ट मोकळेपणानं सांगते, नंतर कोणा रशियन ओळखीच्याकडून कळण्यापेक्षा आताच कळलेली बरी. आजच्या रशियात हे नाव तरुण नाही. विसाव्या शतकाच्या मधल्या दशकांत ते जोरात होतं, त्यामुळे आजच्या स्वेतलाना बहुतेक आया, आज्या, शाळेतल्या बाई. आत्ताच्या बाळांची नावं सोफिया, मारिया, आना, येवा. रशियन कानाला लहानग्या मुलीचं नाव स्वेतलाना ऐकून आपल्याला आज पाळण्यातल्या बाळाचं नाव शोभा किंवा सुनंदा ऐकून वाटेल तसं काहीसं वाटेल. मला स्वतःला हे वाईट वाटत नाही. तुम्ही तर एका माणसाच्या नावानं ठेवताय, आणि त्या बाई त्याच पिढीच्या असणार.

त्यांना कळवणार असाल तर पत्रात ‘तुमच्या नावावरून’ एवढं रशियनमध्ये जरूर लिहा: ‘व वाशू चेस्त’. आणि दरवर्षी २ एप्रिलला फोन करा. तो फोतिनियाचा दिवस. चर्चनं आता दोन्ही नावं एकच मानली आहेत, त्यामुळे स्वेतलाना त्या दिवशी आपला नामदिन, म्हणजे आपल्या नावाच्या संताचा दिवस, साजरा करतात. सासऱ्यांना हवं तर सांगा, नाव आधी कवितेत आलं, चर्चनं ते मागाहून आपलं म्हटलं.